तोंडी दाखला

संपादकांनी फोनवर दोनच अटी घातल्या. धर्मप्रचार नको, आणि थोडक्यात लिहा. पहिली अट मी लगेच मान्य केली. दुसरी ऐकून पलीकडे भाजी निवडत बसलेली सुमती, म्हणजे माझी बायको, मोठ्याने हसली. तिने माझे आयुष्यभराचे उपदेश ऐकलेत, त्यामुळे तिला तो अधिकार आहे.

मी निवृत्त पाळक. रविवारी उपासना चालवायची, लग्नं लावायची, बाळांना बाप्तिस्मा द्यायचा, कुणी गेलं की मातीला उभं राहायचं, हे ख्रिस्ती पाळकाचं काम. पण लोक पाळकाला तोलतात ते फक्त उपदेशावरून. मयतीला चिखल तुडवत गेलात, कुणी लक्षात ठेवत नाही. उपदेश लांबला आणि घरच्या चुलीवरचं कालवण करपलं, तर ते मात्र नातवंडांना सांगितलं जातं.

उपदेशाची रीत बाहेरच्यांना ठाऊक नसते म्हणून सांगतो. आधी शास्त्रातलं एक वचन घ्यायचं. त्यातून तीन मुद्दे काढायचे. दोन का नाहीत आणि चार का नाहीत, हे मला शिकवणाऱ्यांनाही माहीत नव्हतं. मुद्दा जड झाला की एखादी गोष्ट सांगायची. प्रभू येशू स्वतः अशाच गोष्टी सांगायचे. हरवलेल्या मेंढराची, उधळ्या पोराची, पेरणाऱ्याची. आमच्या ख्रिस्ती मराठीत अशा गोष्टीला ‘दाखला’ म्हणतात. हा शब्द वाचकांनी ध्यानात ठेवावा, कारण ह्याच शब्दाने एकदा माझी नोकरी घालवायची वेळ आणली होती. शेवटी ऐकणाऱ्याने घरी काय न्यायचं ते सांगायचं आणि आमेन म्हणून खाली उतरायचं. वेळेवर उतरणं हा यातला सगळ्यात अवघड भाग.

जालन्याकडे हा उपदेश आधी चर्चमध्ये नव्हे, भरबाजारात सुरू झाला. माझे आजोबा सांगायचे, गोरे साहेब बाजाराच्या दिवशी झाडाखाली उभे राहून मराठीत बोलायचे. त्यांनी मराठी पुण्याकडच्या पंडितांकडून शिकलेली, त्यामुळे व्याकरण शुद्ध आणि उच्चार विलायती. ‘प्रिय बंधूंनो’ म्हणायला त्यांना बराच वेळ लागायचा. लोक गर्दी करायचे ती वचनासाठी कमी आणि गोरा माणूस मराठी बोलतो हे बघायला जास्त. मग त्यांनी इथल्याच माणसांना उपदेशक केलं. झालं काय, आमच्या माणसांनी साहेबांकडून शास्त्र घेतलं आणि त्यासोबत सूरही उचलला. घरी ‘ए, भाकर वाढ’ म्हणणारा माणूस चर्चमध्ये उभा राहिला की ‘प्रीऽय बंऽधूंनोऽ’ करायचा. साहेब मायदेशी गेले, पण त्यांचा सूर इथेच राहिला. लोकांना वाटायचं, देव याच सुरात बोलत असणार. मधल्या काळात पेटी-झांजा घेऊन ख्रिस्ती कीर्तन करणारेही होऊन गेले. त्यांच्याभोवती अख्खं गाव लोटायचं, पण शिकल्यासवरलेल्या मंडळींना ते जरा हलकं वाटायचं.

मीही तोच सूर लावायचो. माझा तर फार छान लागायचा, असं मला वाटायचं.

पहिली काही वर्षं मी नुसता उपदेशक होतो. उपदेशक म्हणजे हाफ पँट आणि पाळक म्हणजे फुल पँट, असं आम्ही आपसात म्हणायचो. दीक्षा झाल्याशिवाय लग्न लावता येत नाही की बाप्तिस्मा देता येत नाही. माझ्याकडे घनसावंगी, वडीगोद्री, वाटूर अशी लांबलांबची गावं होती. कुठे सहा घरं ख्रिस्ती, कुठे दहा. कधी एसटी, कधी माणसं कोंबलेली जीप, आणि कधी आपले पाय. वडीगोद्रीची मंडळी रस्त्याला लागूनच जमायची. ट्रकवाले नेमके माझ्या दुसऱ्या मुद्द्यावर हॉर्न वाजवत जायचे. मग मी दुसरा मुद्दा आखूड करून टाकला, आणि लोक म्हणायला लागले की उपदेशक सुधारला.

घनसावंगीला दगडूबाबा म्हणून एक म्हातारे होते. मी श्वास घ्यायला थांबलो की ते जोरात ‘आमेन’ म्हणायचे. मला वाटायचं, केवढा भाविक माणूस! माझा हुरूप वाढायचा, मी आणखी बोलायचो, ते आणखी आमेन म्हणायचे. एकदा मी न राहवून त्यांना म्हटलं, “बाबा, तुमच्या आमेनमुळं मला फार बळ येतं.”

बाबा वैतागून म्हणाले, “अरं लेकरा, प्रार्थनेत आमेन म्हणलं की ती संपते न्हवं? मी कवाधरनं म्हणून राह्यलो, तू काई संपवंना.”

ही गोष्ट मी घरी सांगितली तेव्हा सुमती हसून हसून खाली बसली. मग डोळे पुसत म्हणाली, “अहो, एक विचारू? माझ्याशी बोलता तसंच तिथं का नाही बोलत?” मी म्हटलं, व्यासपीठाची म्हणून एक रीत असते. ती म्हणाली, “असेल. पण त्या रितीत मला तुम्ही अनोळखी वाटता.” मला राग आला होता. खरं बोललेलं कुणाला आवडतं?

असं चाललेलं असताना आमच्या चर्चच्या दीक्षा-समितीचा निरोप आला. मला दीक्षा द्यायची की नाही हे ठरवायला अध्यक्ष स्वतः येणार, माझा परीक्षेचा उपदेश ऐकणार. जागा वाटूर, वेळ संध्याकाळची. आमचे अध्यक्ष सालोमनसाहेब म्हणजे साक्षात दरारा. उन्हाळ्यातही काळा कोट. त्यांचा सूर तर गोऱ्या साहेबांपेक्षा गोरा. ते कुठले, कुणाचे, कुणालाच ठाऊक नव्हतं. आम्ही धरून चाललो होतो की मुंबईचे असणार. त्यांनी माझ्या आधीच्या दोन उमेदवारांना घरी पाठवलं होतं. माझ्याविषयी त्यांच्या कानावर गेलं होतं की ह्याच्या उपदेशात लोक झोपतात. मी नापास झालो असतो तर सासऱ्यांच्या नगरच्या छापखान्यात पुस्तकं शिवायची जागा तयार होती. सासरे भले माणूस, पण मला पुस्तकं शिवायची नव्हती. मला ह्याच लोकांत राहायचं होतं. सुमतीलाही. ती वाटूरच्या बायकांना शिवण शिकवायची आणि तिचा जीव तिथे रमला होता.

मी आठवडाभर घासून ‘नवा जन्म’ ह्या विषयावर उपदेश तयार केला. तीन मुद्दे, प्रत्येकाला तीन उपमुद्दे. आता श्रोते हवेत. दहा घरांची मंडळी जमून जमून किती जमणार? म्हणून फाट्यावरच्या इब्राहिमभाईंना गाठलं. त्यांचा मंडप आणि भोंग्यांचा धंदा होता. मी त्यांना म्हटलं, “भाई, गावात सायकलवरनं पुकारा करा. सांगा, आज सायंकाळी चर्चच्या पटांगणात शास्त्रातले निरनिराळे दाखले देऊन उपदेश करण्यात येईल, तरी सर्व बंधू-भगिनींनी अगत्य यावे.”

इब्राहिमभाई धंद्याचे पक्के. लांब वाक्य भोंग्यातून कळत नाही, हा त्यांचा अनुभव. त्यांनी कापकूप केली आणि गावभर पुकारलं, “आज सायंकाळी, चर्चच्या मैदानात, दाखले देण्यात येतील! सर्वांनी यावे!”

त्या वेळी जालना नुकताच वेगळा जिल्हा झाला होता. नवा जिल्हा, नव्या कचेऱ्या, आणि रोज एक नवी वावडी. आता साहेबलोक गावात येऊन कामं करणार, असं जो तो बोलत होता. जातीचा दाखला, उत्पन्नाचा दाखला, रहिवासाचा दाखला, ह्यासाठी लोकांनी कचेऱ्यांचे उंबरे झिजवलेले. त्यांना गावातच दाखला मिळणार म्हटल्यावर काय होणार?

संध्याकाळी पटांगण भरलं. मी आयुष्यात एवढी माणसं उपदेशाला बघितली नव्हती. पाटलांच्या घरचे, मुसलमान मोहल्ल्यातले, शेजारच्या वाड्यांवरचे, बाया, म्हातारे. मला गहिवरून आलं. सुमतीला म्हटलं, “बघ, देवाची करणी.” ती माणसांकडे नीट बघत म्हणाली, “अहो, पण सगळ्यांच्या हातात पिशव्या का आहेत?”

तेवढ्यात जीप आली. काळा कोट उतरला, मागोमाग समितीतले दोघे सदस्य. गर्दीत एकच कुजबुज, “तहसीलदार आले, तहसीलदार!” लोकांनी वाट करून दिली, कुणी नमस्कार घातला, कुणी हार आणला होता तो सालोमनसाहेबांच्या गळ्यात पडला. साहेबांच्या चेहऱ्यावर मी प्रथमच हसू पाहिलं. ते माझ्या कानाशी वाकून म्हणाले, “चर्चविषयी एवढा आदर! आपण चांगलं काम केलेलं दिसतं.” त्या घटकेला मी पास होतो. फार वेळ नाही, पण होतो.

पहिल्या रांगेतून एक बाई उठली आणि तिने रेशनकार्ड साहेबांपुढे धरलं. “साहेब, उत्पन्नाचा करून द्या. पोरीला शिष्यवृत्ती भेटून राह्यली.” तिच्यामागे दुसरा, त्याच्यामागे तिसरा. रांगच लागली. साहेब कार्डाकडे बघतात, माझ्याकडे बघतात. माझ्या डोक्यात हळूहळू उजेड पडला.

मी पुढे होऊन हात जोडले. लोकहो, घोटाळा झाला आहे, हे साहेब तहसीलदार नाहीत, आमचे वरिष्ठ पाळक आहेत, आणि दाखला म्हणजे आमच्यात गोष्ट. क्षणभर कुणाला काही उमजलं नाही. मग बळीराम आप्पा उभे राहिले. गावातले जुने शेतकरी, आवाज खणखणीत.

“म्हंजे दाखला न्हाई?”

“आहे आप्पा. पण तोंडी आहे.”

“तोंडी दाखला तलाठी घेत न्हाई ना साहेब!”

सगळीकडे हशा पिकला, पण त्यात राग मिसळलेला होता. कुणीतरी ओरडलं, फसवलं राव. इब्राहिमभाई भोंग्यापाशी उभे राहून शपथा घेऊ लागले, “साब, मैं तो बराबर बोल्या! दाखले बोलेच थे ना तुम?” सालोमनसाहेबांनी गळ्यातला हार काढून खुर्चीवर ठेवला. त्यांचा चेहरा पुन्हा पूर्वीसारखा झाला. मला छापखान्यातल्या खळीचा वास यायला लागला.

“आता आलोच हावोत तर ऐकून तरी घ्या,” मागून एक म्हातारी म्हणाली. “घरी जाऊन तरी काय करायचंय?”

लोक बसले. ‘नवा जन्म’ माझ्या डोक्यातून पार पुसला गेला होता. तीन मुद्द्यांतला एकही आठवेना. सूरही लागेना. रब्बीची पेरणी तोंडावर आली होती, समोर सगळे शेतकरी, म्हणून तोंडाला आलं ते बोललो. “एक माणूस पेरायला निघाला. पेरताना थोडं बी वाटेवर पडलं, ते पाखरांनी खाल्लं.”

“वाटंवर?” आप्पांनी तिथेच अडवलं. “तिफण कुठं व्हती?”

“तिफण नव्हती आप्पा. हातानं फेकून पेरत होता.”

“फोकून? बरं, मंग?”

“मग थोडं बी खडकावर पडलं. उगवलं, पण मुळं नव्हती म्हणून करपलं. थोडं काट्यांत पडलं, काट्यांनी ते दाबून टाकलं.”

आता कुणाला राहवेना. “खडक दिसत न्हवता का त्याला?” “बोराटीत कोण पेरतंय?” “धनी नसंल त्यो, सालगडी असंल. दुसऱ्याचं बी हाय, उधळा!” बायकांच्या घोळक्यातून आवाज आला, “चाड्यावर बाई पाहिजे व्हती. एक दाना वाटंवर पडला नसता.” त्यावर सगळ्या बाया हसल्या. तिफण हे बैलांनी ओढायचं पेरणीचं औत; तिच्यामागे चालत चाड्यात, म्हणजे वरच्या लाकडी वाटीत, मुठीने बी सोडायचं काम आमच्याकडे बाईचं. तिच्या मुठीवर पीक उभं असतं. कुणी म्हणालं एवढं बी वाया घालवणाऱ्याला जमीनच देऊ नये. माझ्या पाचसहा वाक्यांच्या उपदेशावर गाव भांडत होतं आणि एकही माणूस झोपलेला नव्हता.

सालोमनसाहेब उठले. शिस्त आणायला उठले, हे दिसतच होतं. “प्रीऽय बंऽधूंनोऽ,” त्यांनी सूर लावला, “सदर बीज म्हणजे...”

“तुम्ही ऱ्हाऊ द्या साहेब,” आप्पा म्हणाले. त्यांच्या बोलण्यात उर्मटपणा नव्हता. “कोटवाल्यांचं काम न्हाई हे. तुम्हाला पेरणीतलं काय कळणार?”

साहेब थबकले. त्यांचे कान लाल झाले. मला वाटलं, आता जीप निघणार. पण साहेबांनी कोटाची बटणं काढली, कोट खुर्चीवर टाकला आणि आप्पांकडे बोट केलं.

“मला काय कळतंय? अरे, घनसावंगीच्या पल्याड वाडीवर बापाच्या मागं तिफण धरून मोठा झालो मी! माझी माय चाड्यावर व्हती. वळीत दाना असा बराबर पडायचा की मुंगीनं मोजून घ्यावा!”

समितीतले दोघे सदस्य तोंड उघडं टाकून बघत होते. त्यांनी हा आवाज कधी ऐकला नव्हता. मला वाटतं, साहेबांनीही फार वर्षांत ऐकला नसावा.

“बोला की मंग,” आप्पा एकदम खुलून म्हणाले. “ह्यो माणूस असा का पेरत व्हता?”

साहेब दोन पावलं पुढे आले आणि सरळ लोकांत उभे राहिले. “हेच मी बी मायला इचारलं व्हतं ल्हानपणी. मूठ इतकी आवळून का धरती? तर म्हणली, बाबा, आपल्या कणगीत बी किती? थोडकं. मोकळी मूठ सोडली तर अर्ध्या वावराला पुरणार न्हाई. आपली सगळ्यांची मूठ आवळ हाय, कारण आपली कणगी ल्हान हाय. बराबर का न्हाई?”

“बराबर!” लोक म्हणाले.

“आता ह्या पेरणाऱ्याचं बघा. ह्याच्या कणगीला तळच न्हाई. त्यो कशाला मूठ आवळंल? वाटंवर टाकतो, खडकावर टाकतो, काट्यात बी टाकतो. ह्या माणसात काय उगवणार न्हाई, असं आपण म्हणतो. त्यो म्हणतो, टाकून तर बघू. माणूस खडक हाय म्हणून देव बी राखून ठेवत न्हाई. मी बी खडकच व्हतो. माझ्यावर बी टाकलं त्यानं.”

मग रेशनकार्डवाली बाई डोळ्याला पदर लावत म्हणाली, “लई मोठ्या मनाचा धनी म्हणायचा.” आप्पांनी मान डोलावली. मला भरून आलं होतं आणि ते लपवावंसंही वाटत नव्हतं. इतकी वर्षं मी ज्या गोष्टीवर मुद्दे काढत होतो ती मला त्या संध्याकाळी पहिल्यांदा ऐकू आली.

पुढे मीही तसाच बोलायला लागलो. उपदेश सांगायचा, लोकांनी अडवायचं, भांडायचं, मग सगळ्यांनी मिळून पुढे जायचं. आमचे रविवार फार मजेत गेले. नव्वदनंतर मोठे मंडप आले, कीबोर्ड आले, टीव्हीवरचे उपदेशक आले. आता तरुण पोरं त्यांच्यासारखी माईक घेऊन धावत बोलतात. बोलतात चांगलं, पण मधे कुणी ‘तिफण कुठं व्हती’ म्हणून विचारत नाही, एवढी एक खंत आहे.

तर ती संध्याकाळ. सुमतीने चहा केला होता. लोक घोळक्या-घोळक्याने बसून तो पीत होते; इब्राहिमभाईंनी पुकाऱ्याचे पैसे न घेता वर बिस्किटं वाटली. समितीतले एक सदस्य साहेबांपाशी येऊन हळूच म्हणाले, “साहेब, परीक्षा ह्यांची होती. उपदेश तुम्हीच केला. ह्यांनी तर पाचसहा वाक्यं म्हटली. निकाल काय लावायचा?”

सुमती किटली धरून शेजारीच उभी होती. माझं आणि तिचं पुढचं सगळं आयुष्य त्या एका उत्तरावर टांगलेलं.

साहेबांनी बशीतला चहा संपवला. “पास करा,” ते म्हणाले. “त्यानं पाचसहा वाक्यांत जे केलं ते मला पस्तीस वर्षांत जमलं न्हाई.”

सुमतीच्या हातातली किटली कलली आणि चहा माझ्या चपलेवर सांडला. साहेबांचं तिकडे लक्षच नव्हतं.

“माझी माय दर रविवारी पहिल्या बाकावर बसायची,” ते म्हणाले. “घरी आल्यावर माझ्या तोंडावरून हात फिरवायची. म्हणायची, लई गोड बोल्लास रं बाबा. काय बोल्लास ते तेवढं कळलं न्हाई.” त्यांनी बशीतला शेवटचा थेंब झटकला. “आज कळलं असतं तिला.”

बशी त्यांनी सुमतीच्या हातात दिली. ड्रायव्हर जीपचं दार उघडून उभा होता, पण ते तिकडे गेले नाहीत. पुन्हा माणसांत जाऊन बसले. बळीराम आप्पांनी सरकून त्यांना जागा करून दिली.